तव्यापाशी लावलेली चाल

छोट्या बजेटच्या सिनेमात भूमिका आणि संगीत दोन्ही माझ्याकडे आलं, की मी आधी भूमिका बसवते. त्या बाईला दम कुठे लागतो, तिचे हात कशात गुंतलेत, हे अंगात भिनल्याशिवाय पेटी उघडत नाही.

एका सिनेमात भाकरी थापणाऱ्या बाईचं गाणं होतं. करजगी गावात शेजारच्या अक्कांच्या चुलीपाशी जाऊन बसले. थाप म्हटली की केरवा ताल, असं डोक्यात आपोआप येतं. पण ज्वारीच्या भाकरीला एकसारखा ठेका नसतो. गोळा जाड असतो तोवर तळवा सावकाश पडतो. भाकरी पसरली की बोटं कडेकडेनं भराभर फिरतात. ती उचलून तव्यावर टाकताना बाई श्वास धरते आणि थाप थांबते. अक्का भाकरीवर पाणी फिरवत म्हणाल्या, "तवा तापला की गाणं आखडतंय बघ." अंतऱ्याची ओळ मी तिथेच तोडली आणि दोन मात्रा रिकाम्या सोडल्या. तबलजीला त्या भरायच्या होत्या. भरू दिल्या नाहीत.

रिकाम्या जागेची ताकद 'प्रभात' फिल्म कंपनीच्या 'कुंकू' या चित्रपटानं 1937 सालीच दाखवली होती. दिग्दर्शक व्ही. शांतारामांनी त्यात पार्श्वसंगीत घेतलंच नाही. घड्याळाची टिकटिक आणि घरातले आवाज तेवढे ठेवले. केशवराव भोळ्यांच्या चाली शांता आपटे यांनी पडद्यावर स्वतःच गायल्या. बोलणारा आणि गाणारा गळा एकच असल्यामुळे नायिका नीरा बोलता बोलता गाऊ लागली, तरी माणूस बदलत नाही.

अभिनय करून पुढे चाली लावणाऱ्यांत सर्वांत मोठं नाव लताबाईंचं, म्हणजे लता मंगेशकरांचं. वडील गेले त्याच वर्षी, 1942मध्ये, त्या 'पहिली मंगळागौर'मध्ये दिसल्या. कॅमेऱ्यापुढचं काम त्यांना कधी रुचलं नाही. संगीतकार म्हणून 'राम राम पाव्हणं' 1950 साली त्यांच्याच नावावर आला. पुढे भालजी पेंढारकरांच्या 'मोहित्यांची मंजुळा'पासून 'तांबडी माती'पर्यंतच्या चार चित्रपटांना त्यांनी 'आनंदघन' या नावानं संगीत दिलं. 'साधी माणसं'मधलं लोहारणीचं गाणं ऐकताना मला गाणाऱ्या बाईच्या आधी भात्यापाशी बसलेली बाई दिसते. ज्यानं कधी दुसऱ्याची भूमिका अंगावर घेतली आहे, त्यालाच अशी चाल सुचते असं मला वाटतं. त्याच चित्रपटाच्या संगीताला राज्य पुरस्कार मिळाला, तेव्हा आनंदघन कोण हे सगळ्यांना कळलं.

हा किस्सा मला निर्मात्यांशी बोलताना हटकून आठवतो. "तुम्ही सेटवर आहातच, चालही लावून टाका ना," असं म्हणून एका मानधनात दोन कामं उरकू पाहणारे भेटतात. सांगणाऱ्याच्या मनात वाईट नसतं. बाईनं गुणगुणलेलं म्हणजे फुकटचं, एवढाच हिशेब असतो. लताबाईंचं नाव इतकं मोठं होतं, की चालीची चाल म्हणून पारख व्हायला ते बाजूला ठेवणं सोयीचं ठरलं असेल. आमची नावं लहान. ती झाकली तर कामही झाकलं जातं. म्हणून मी करार दोन करते, मानधन दोन घेते, आणि श्रेयनामावलीत माझं नाव दोनदा येतंय ना, हे शेवटची प्रिंट निघण्याआधी स्वतः बघते.