गाणं कुणाचं, क्लेम कुणाचा

तो ईमेल मी अजून डिलीट केलेला नाही. मजकूर लांबलचक आहे, मतलब एवढाच: तुमच्या व्हिडिओत दुसऱ्याच्या मालकीचं संगीत सापडलं आहे. व्हिडिओ चालू राहील, जाहिरातींचे पैसे मात्र मालकाला जातील. मालक म्हणजे एक कंपनी, आणि सापडलेलं संगीत म्हणजे माझी आत्या! औसा तालुक्यातल्या तिच्या घरी, ओसरीवर, गळ्यात कवड्यांची माळ घालून ती गात होती आणि माइक मी धरला होता. मागे शेळी ओरडते तीसुद्धा ट्रॅकमध्ये ठेवलीय. तरी संगीत दुसऱ्याचं.

आधीचं थोडक्यात सांगतो. मी लातूरचा. अकरावी-बारावी त्या प्रसिद्ध पॅटर्नमध्ये गेली, म्हणजे सकाळी क्लास, दुपारी कॉलेज, संध्याकाळी पुन्हा क्लास. मग इंजिनिअरिंगला नांदेड. तिथं एका सिनिअरच्या लॅपटॉपवर एफएल स्टुडिओ पाहिलं, आणि डिग्री हातात आली तेव्हा नोकरी शोधायची सोडून तरोडा नाक्याकडे एक खोली भाड्याने घेतली. भिंतींना गाद्या बांधल्या. मे महिन्यात पंखा बंद करून गायचं, कारण पंख्याचा आवाज माइकमध्ये येतो. घरचे काय म्हणाले ते लिहीत नाही, सगळ्यांच्या घरचे तेच म्हणतात.

स्वतःच्या जिवावर गाणी करणाऱ्याचं वर्ष आमच्याकडे असं जातं. जानेवारी लागला की १४ एप्रिलची भीमगीतं सुरू, ती मार्चअखेर बाहेर पडायला पाहिजेत. मग लग्नसराई, १ ऑगस्टला अण्णाभाऊंची जयंती, गणपती, नवरात्र. मध्येमध्ये भाऊंचे वाढदिवस. कुठले भाऊ विचारू नका, प्रत्येक वॉर्डात एक आहेत. कार्यकर्ते रात्री उशिरा येतात, सकाळी केक कापायच्या आत गाणं पाहिजे असतं, आणि भाऊंच्या आडनावाला यमक जुळलं नाही तर दोष माझा. २०२४ मध्ये आधी लोकसभा, मग विधानसभा. त्या वर्षी मी समोरासमोरच्या दोन उमेदवारांना एकच बीट पट्टी बदलून दिली आहे. दोघांनाही आवडली. माइक, इंटरफेस, स्पीकर सगळं त्यातूनच आलं. माझ्या स्वतःच्या गाण्यांनी काय दिलं ते सांगण्यासारखं नाही. २०२४ पासून तर स्पॉटिफायवर एखाद्या गाण्याला मागच्या वर्षभरात १००० स्ट्रीम नसतील तर ते रॉयल्टीच्या हिशेबातच धरत नाहीत.

तरी स्वतःची गाणी करत राहिलो, कारण कानात साचलेलं सगळं भाऊंच्या वाढदिवसात मावत नव्हतं. नांदेडला राहणाऱ्याला सरमिसळ शिकवावी लागत नाही. गुरुद्वारात कीर्तनाला नामदेवांची पदं रागात गातात. आपल्या नर्सीच्या नामदेवांची ६१ पदं गुरू ग्रंथसाहिबात आहेत. कंधारच्या उरुसातली कव्वाली, माळेगावच्या जत्रेत एकीकडे वाघ्या-मुरळी आणि एकीकडे लावणी महोत्सव, देगलूरकडच्या वरातीत तेलुगू गाण्यावर हलगी. हे सगळं एकाच माणसाच्या कानावर पडतं. २०१९ मध्ये मुंबईच्या स्वदेसी या हिपहॉप गटाने आरेतले वारली कार्यकर्ते प्रकाश भोईर यांना सोबत घेऊन ‘द वारली रिव्होल्ट’ केलं. ते ऐकून वाटलं, आपल्या घरातला आवाजसुद्धा असा मध्यभागी ठेवता येईल. पुढे २०२४ ला जळगाव जिल्ह्यातल्या संजू राठोडची ‘गुलाबी साडी’ रील्समधून जगभर फिरली, क्रेटेक्स आणि श्रेयसची ‘तांबडी चामडी’ स्पिनिन रेकॉर्ड्स या डच लेबलपर्यंत गेली. तेव्हापासून आमच्याकडे येणाऱ्या प्रत्येकाला ‘तसलं कायतरी’ पाहिजे असतं. भाऊंनाही.

तर आत्याचं गाणं. आत्या तुळजाभवानीची आराधीण. नवरात्रात आराधिणींचा मेळा निघतो, हातात पोत, परडी, सोबत संबळ आणि झांजा. तिच्या एका गाण्यावर मी जीव लावून काम केलं. संबळ आणि हलगीखाली ८०८ चा खोल बेस घातला, मध्ये माझी स्वतःची दोन कडवी, लातुरी बोलीत, अर्धी गायलेली अर्धी बोललेली. संबळाच्या लयीला कॉम्प्युटरच्या चौकटीत ओढून बसवायचं नाही असं आधीच ठरवलं होतं. संबळवाला पुढे-मागे होतो, तेच तर गाणं आहे. टाकताना फॉर्ममध्ये प्रकार विचारला. भक्तिसंगीत म्हणावं तर खाली बेस, हिपहॉप म्हणावं तर वर देवी. शेवटी वर्ल्ड म्युझिक टाकलं. म्हणजे औसा तालुका.

दुसऱ्या दिवशी क्लेम.

आता हे प्रकरण मी सविस्तर सांगणार आहे, कारण इतरांनी कंटाळून सोडून दिलं म्हणूनच हे चालतं. यूट्यूबकडे कंटेंट आयडी नावाची यंत्रणा आहे. कंपन्या आपल्या रेकॉर्डिंगा तिथे जमा करतात, यंत्र प्रत्येक नवा व्हिडिओ त्यांच्याशी ताडून पाहतं. नुसता आवाज नाही, चालसुद्धा. त्या कंपनीकडे याच आराधी गाण्याची कधीकाळची एक रेकॉर्डिंग होती. गाणारी बाई वेगळी, वाद्यं वेगळी, चाल तीच. चाल तीच असणार, देवीचं गाणं आहे ते, उद्या कुणी आरतीवर हक्क सांगेल!

हरकत घ्यायची सोय आहे. कारण निवडायचं असतं: परवानगी आहे, रास्त वापर आहे, सार्वजनिक मालकीचं आहे, सगळं माझंच आहे. आत्याचं गाणं यातल्या कुठल्या खान्यात बसतं? पारंपरिक गाणं, नवं गायन, नवी वाद्यं, माझे शब्द, असं मी इंग्रजीत सगळं लिहिलं. उत्तर द्यायला कंपनीला ३० दिवस असतात. त्यांनी एवढा वेळ घेतलाच नाही, लगेच फेटाळलं. कारण नाही, सही नाही. पुढची पायरी अपिलाची. तिथे त्यांना ७ दिवस, पण तिथे त्यांनी व्हिडिओ काढायला लावला तर तुमच्यावर स्ट्राइक. ९० दिवसांत तीन स्ट्राइक झाले की चॅनलच बंद. आणि त्याच्यावरही लढायचं ठरवलं तर तुमचं खरं नाव आणि पत्ता समोरच्याला कळवला जातो. हे वडिलांना सांगितलं तर ते म्हणाले, “म्हंजी कोर्टाची नोटीस घरी येनार?” ते दोन रात्री झोपले नाहीत. फिर्यादीही तीच कंपनी आणि पहिला निवाडा देणारीही तीच, असला न्याय ग्रामपंचायतीतसुद्धा चालत नाही.

मला संताप पैशांचा नव्हता. त्या व्हिडिओवर पैसे किती, तर हिशेबाला कागद लावला तर कागदाचे जास्त. संताप याचा, की आत्याच्या गळ्याखाली त्या कंपनीचं नाव दिसत होतं. जुन्यांनी याची तजवीज केली होती. तुकोबा, नामदेव शेवटच्या चरणात आपलं नाव घालत. वामनदादा कर्डकही शेवटच्या कडव्यात ‘वामन’ घालत, गाणारा कुणीही असो, नाव गावंच लागे. आराधी गाण्यात मात्र नाव फक्त देवीचं.

त्या रागात मी कायदा वाचून काढला, आणि नव्या पोरांसाठी तेवढं इथे लिहून ठेवतो. कॉपीराइटचा कायदा १९५७ चा. २०१२ मध्ये तो बदलला, त्यासाठी जावेद अख्तर राज्यसभेत आणि बाहेरही झगडले. सिनेमात किंवा रेकॉर्डिंगमध्ये वापरलेल्या गाण्याच्या रॉयल्टीतला गीतकार-संगीतकाराचा वाटा आता कराराने काढून घेता येत नाही. कंपनीच्या कागदावर मुदत लिहिली नसेल तर ती पाचच वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर भारतापुरतं. लोक ‘कायमस्वरूपी, जगभर’ या ओळीखाली सही करतात आणि मग आमच्यासारख्यांना विचारत येतात. गाणाऱ्याचाही हक्क आहे, ५० वर्षांचा. म्हणजे कायद्याने आत्या कलाकार आहे. तिला हे सांगितलं तेव्हा ती तांदूळ निवडत होती, मान वर केली नाही.

अपील करायच्या आधी पुरावा पाहिजे म्हणून मी परत तिच्याकडे गेलो. ती गाणं कुणाकडून शिकली, ते तिच्याच तोंडून रेकॉर्ड करायचं होतं. मी माइक लावायला लागलो.

“काय करूलालास?”

“हे गाणं तुला कुणी शिकवलं ते सांग.”

“सासूनं. तिला तिच्या सासूनं शिकवलं आसंल.”

मी खूश. आणि मग तिने सहज पुढे जोडलं, “मधली दोन कडवी सोडून. ती टेपवरची हायत. तुझ्या मामानं तुळजापूरहून कॅसेट आनली होती, लई वाजवली. मेळ्यातल्या समद्या बाया आता तसंच म्हनत्यात.”

मी माइक बंद केला.

“कामून रे, काय झालं?”

काय झालं ते मी समजावून सांगितलं. ती म्हणाली, “त्या कॅसेटवाल्या बाईनं तरी कुटं सपनात बघितलं? कुन्या मेळ्यातच आयकलं आसंल की.”

कॅसेट तिने काढून दाखवली, कव्हर नव्हतं, वरचा कागद पुसला होता. क्लेम करणाऱ्या कंपनीचीच असेल का, कळायला मार्ग नाही. असेलही. ज्यांना मी आठवडाभर चोर म्हणत होतो, त्यांच्याच कुणीतरी ते गाणं तुळजापूरच्या बाजारातून आमच्या गावात आणलं असेल, तर मग? मेळ्यात जुन्या बाया राहिल्या नव्हत्या. ती कॅसेट नसती तर ती दोन कडवी आत्याच्या तोंडी आली नसती, आणि माझ्या ट्रॅकचा सगळ्यात चांगला भाग त्या दोन कडव्यांवरच उभा आहे. हे मला अजूनही पचत नाही. अपील केलंच. ‘पारंपरिक’ लिहिलं आणि कॅसेटचा उल्लेख केला नाही, कारण आत्याचं म्हणणं मला पटलं होतं.

एके दिवशी क्लेम निघाला. ईमेल एका ओळीचा. आमचं चुकलं वगैरे काही नाही.

त्यानंतरच्या गाण्याला मी स्वतःच कंटेंट आयडी लावून घेतला. शब्द, चाल, बीट, सगळं माझं, म्हणून. त्यासाठी वितरकाकडे, म्हणजे आपली गाणी यूट्यूब-स्पॉटिफायवर पोहोचवणाऱ्याकडे, थोडे पैसे जास्त भरावे लागतात. काही दिवसांनी मुखेडकडच्या एका वरातीच्या व्हिडिओवर माझा क्लेम लागला. नवरदेव घोड्यावर, मागे माझं गाणं. आलेल्या रकमेत चहासुद्धा येत नव्हता, पण मालकाच्या जागी माझं नाव बघून फार बरं वाटलं. मित्र म्हणाला, सोडून दे, लग्नातलं आहे. मी सोडलं नाही. गाणं माझं होतं.

आत्याच्या गाण्याचे पैसेही आता थोडे जमायला लागलेत. निम्मा वाटा तिचा, असं मी तिला सांगितलं. ती म्हणाली, माझा एकटीचा कशाचा, मेळ्यातल्या बाया झांजा वाजवत्यात, त्यांना समद्यांना सारखं वाट. वितरकाच्या पानावर वाटे करायची सोय आहे, प्रत्येकाचा ईमेल आणि बँक खातं टाकायचं की पैसे परस्पर जातात. खाती लाडकी बहीणमुळे सगळ्यांची निघालीत. ईमेल एकीचाही नाही. त्यामुळे सध्या सगळं माझ्याच नावावर आहे.