पिवळ्या खोक्यावरची आजी

मेक्सिकोतल्या किराणा दुकानात ती हमखास भेटते. सहाकोनी पिवळं खोकं, त्यावर पांढऱ्या केसांची, चष्मा लावलेली, मनापासून हसणारी म्हातारी. नाव 'आबुएलिता', म्हणजे आजीबाई. आत चॉकलेटच्या जाड गोल वड्या.

वडी मात्र हसरी नाही, करारी आहे. तशीच तोंडात टाकली तर साखर दाताखाली करकरते, दालचिनी नाकात चढते आणि आपण मुकाट्यानं ती खाली ठेवतो. तिला ऊन दूध लागतं आणि कुणाचे तरी हात लागतात. दुधात तुकडे सोडायचे आणि मोलिनियोनं घुसळायचं. मोलिनियो म्हणजे तिकडची लाकडी रवीच, फक्त दोरीवाचून. दांड्याला सैल लाकडी कड्या असतात. दोन तळव्यांत दांडा फिरवला की त्या खुळखुळतात आणि दुधावर फेस चढत जातो. फेस नसेल तर चॉकलेट जमलंच नाही. ६ जानेवारीला तीन राजांच्या सणाचा गोल पाव कापतात, नोव्हेंबरात मृतांच्या सणाला 'पान दे मुएर्तो' नावाचा पाव येतो. दोन्ही वेळी शेजारी हा पेला हवाच.

खोक्यावरचा चेहरा मेक्सिकन नटी सारा गार्सियाचा. जन्म १८९५, मेक्सिकोतलं ओरिसाबा. आजीच्या भूमिकांवर तिनं अख्खी कारकीर्द उभी केली, आणि त्यासाठी म्हातारपणाची वाट पाहिली नाही. १९३४ साली 'मी आबुएलिता ला पोब्रे' या नाटकात तिला आजी व्हायचं होतं. वय चाळिशीच्या आत. गाल बसावेत, बोलणं म्हातारीसारखं यावं म्हणून तिनं आपले १४ चांगले दात काढून घेतले. ही गोष्ट मेक्सिकोत कौतुकानं सांगतात. मला मात्र ती ऐकताना दरवेळी कळ येते. रंग पुसता येतो, टोप उतरवता येतो. दात परत येत नाहीत. आणि तिची एकुलती एक लेक, तीही नटी, १९४० साली ऐन विशीत टायफॉइडनं गेली. त्यानंतरची ४० वर्षं ही बाई पडद्यावर दुसऱ्यांच्या नातवंडांना जेवू घालत, रागवत, कुरवाळत राहिली.

कुरवाळण्यापेक्षा रागवणं तिला जास्त शोभायचं, असं माझं ठाम मत आहे. १९४७ चा 'लोस त्रेस गार्सिया' हा सिनेमा पाहा. तोंडात चिरूट, हातात काठी, आणि समोर एकमेकांच्या जिवावर उठलेले तीन दांडगे नातू, त्यांतला एक साक्षात मेक्सिकोचा लाडका गायक-नट पेद्रो इन्फान्ते. ती ओरडली की तिघंही लहान पोरांसारखी माना खाली घालतात. पुढच्याच भागात ही आजी जाते. पेद्रो दारू पिऊन रडत रडत तिच्यासाठी गातो आणि थिएटरं त्याच्याबरोबर रडतात. १९७२ च्या 'मेकानिका नासियोनाल'मध्ये तर तिनं मायाळूपणाची सगळी पुण्याई पणाला लावली. मोटारींच्या शर्यतीला गेलेली, तोंडानं फटकळ, हावरटासारखं खाऊन खाऊन तिथंच मरणारी म्हातारी तिनं रंगवली.

आणि लगोलग १९७३ साली 'ला आस्तेका' कारखान्याच्या या चॉकलेटवर तिचा चेहरा आला. पुढच्या वर्षी 'मुंदो दे हुगेते' ही मालिका सुरू झाली. तिच्यातल्या एकाकी छोट्या मुलीला जीव लावणारी प्रेमळ तोमासिता म्हणून सारा घरोघर पोचली. खोक्यानं तिची हीच बाजू उचलली. चिरूट गेला, काठी गेली, शिव्या गेल्या. १९८० साली सारा वारली, कारखाना पुढे नेस्लेकडे गेला, तरी चेहरा कुणी बदलला नाही. सीमेपलीकडे अमेरिकेत गेलेल्या मेक्सिकन घरांतही तोच आहे. ज्यांनी तिचा एकही सिनेमा पाहिलेला नाही, अशी पोरंही तिला आजी म्हणतात. त्यांना कुणीतरी ती चिरूटवाली दाखवायला हवी. वडीतला करारीपणा तिच्याकडूनच आलाय, असं मला वाटतं.