एका घरातील दोन गाठी

आयर्लंडच्या पूर्व किनाऱ्यावर, बॉइन नदी समुद्रास मिळते त्याच्या किंचित अलीकडे, ड्रोहेडा हे जुने शहर वसले आहे. मॉरिशसच्या मराठी वस्तीत या शहराचे नाव फारसे कोणाच्या कानावर असण्याचे कारण नाही. तथापि १६४९ साली क्रॉमवेलने हे शहर सर केले, तेव्हा शरण आलेल्या एका बुरुजावरील शिपायांपैकी दर दहावा ठार करून उरलेल्यांस जहाजातून बार्बाडोस बेटाकडे धाडले, असे त्याने स्वतःच्या पत्रात नमूद करून ठेवले आहे. परक्या जहाजांचा आणि दूरच्या बेटांचा इतिहास केवळ कोकणातून निघालेल्या गिरमिट्यांच्याच वाट्यास आला असे नव्हे.

या शहरात, वाकोआ येथे जन्मलेली एक मराठी स्त्री संसार थाटून राहते. वृद्धांच्या एका शुश्रूषागृहात ती काम करते. नातवंडांच्या ओढीने तिच्या सासूबाईही मॉरिशसहून येऊन राहिल्या. त्यांच्या डोक्यावर, मागच्या बाजूस, सुपारीएवढे एक आवाळू होते. तीस वर्षे ते तेथे होते. तेल लावताना, वेणी घालताना त्यास वळसा घालून फणी फिरवावयाची, हा घरातील नित्यक्रम झाला होता. पूर्वी कोणी त्यावर चुना-हळदीचा लेप सांगितला, कोणी घोड्याचा केस बांधावयास सांगितला. एका शेजारणीने तर सुई तापवून टोचली. त्यातून पिठुळ, दुर्गंधी द्रव्य बाहेर आले, गाठ आठवडाभर बसली, आणि दोन महिन्यांत पूर्ववत फुगली.

असे का व्हावे, याचे उत्तर सोपे आहे. अशा गाठीस स्वतःचे अस्तर असते. ती एक बंद पिशवी असते, आणि आतील द्रव्य ते अस्तरच निर्माण करीत असते. पिशवी तशीच ठेवून केवळ आतला ऐवज काढला, तर झरा न बुजविता डबके उपसल्यासारखे होते. इंग्रजीत जिला सिस्ट म्हणतात ती हीच. गळवात पू असतो आणि त्यास असे अस्तर नसते. अर्बुद आतून भरीव असते. सुश्रुताने ग्रंथी आणि अर्बुद यांचे वेगवेगळे वर्णन केले आहे. भेद ओळखण्याची गरज वैद्यांस तेव्हापासून भासत आली, एवढे त्यावरून दिसते. डोक्यावरील आवाळू तेल साचल्याने होते, ही समजूत मात्र चुकीची. केसाच्या मुळाशी असलेल्या त्वचेच्या पेशी आत कोंडल्या जातात आणि त्यांचेच जुने थर साचत जातात. पुष्कळ घराण्यांत ती पिढीजात आढळते; या सासूबाईंच्या वडिलांच्या डोक्यावरही तशीच एक होती. दुखत नसेल, लाल होत नसेल, झपाट्याने वाढत नसेल, तर ती राहू दिली तरी चालते. नको असल्यास ती जागा बधिर करून अस्तरासकट काढावी लागते.

सासूबाईंची गाठ साऱ्या घरास ठाऊक होती. सूनबाईंची कोणासही नव्हती.

गेले काही महिने त्यांचे ओटीपोट जड वाटे. दोन घास खाल्ले की पोट भरे, लघवीस वारंवार जावे लागे, साडीची निरी पूर्वीच्या जागी बसेना. दिवसभर दुसऱ्यांची आजारपणे काढणाऱ्या स्त्रीने स्वतःच्या दुखण्यास वायू, वय, दगदग अशी नावे द्यावीत, हे नवे नाही. शिवाय ते दुखणे अशा ठिकाणचे, की ज्याचा उच्चार घरातील पुरुषांसमोर होत नाही. ज्या कुटुंबांच्या पूर्वजांची देहयष्टी बंदरावर परक्या अधिकाऱ्यांनी न्याहाळली, उंची मोजली आणि अंगावरील व्रण नोंदवहीत उतरविले, त्यांच्या घरांत शरीराविषयी असा एक मुका संकोच पिढ्यान्‌पिढ्या राहिला असल्यास त्याचे आश्चर्य कसले?

एका रात्री उजव्या कुशीत कळ आली आणि ती ओकली. कळ अर्ध्या तासात ओसरली. सासूबाई जाग्याच होत्या.

“सूनबाई, माझी गाठ दिसते म्हणून तू रोज विचारतेस. तुझी दिसत नाही म्हणून ती लहान थोडीच?”

“गाठच आहे, असं कुणी सांगितलं, आई?”

“कुणी सांगितलं नाही, म्हणूनच तर डॉक्टरकडं जायचं.”

ध्वनिलहरींच्या तपासणीत उजव्या अंडाशयावर सात सेंटिमीटरची, मोसंब्याएवढी, पिशवी आढळली.

अंडाशयावरील पिशव्यांविषयी स्त्रियांच्या मनात जी भीती असते ती बहुतांशी अनाठायी आहे, आणि जो निष्काळजीपणा असतो तो मात्र खरोखर घातक आहे. दर महिन्यास अंडाशयात स्त्रीबीजाभोवती पाण्याचा एक लहान फुगा तयार होतो. तो साधारण दोन सेंटिमीटरचा झाला की फुटतो आणि बीज बाहेर पडते. कधी तो फुटत नाही, वाढत राहतो. अशी पिशवी दोन-तीन महिन्यांत बहुधा आपोआप विरते. पाळी चालू असलेल्या स्त्रीच्या अंडाशयावर पाच सेंटिमीटरपर्यंतची साधी पाण्याची पिशवी आढळली, तर सहसा काहीच करावे लागत नाही. पाळी बंद झाल्यानंतर आढळलेल्या पिशवीकडे अधिक सावधपणे पाहावे लागते. तेथे रक्ततपासणी आणि पुन्हा तपासणी टाळता येत नाही. तरुण मुलींत आज ज्या विकाराचे नाव सर्रास ऐकू येते तो बहुपुटी अंडाशयाचा विकार मात्र निराळा. शिकागोच्या स्टाइन आणि लेव्हेंथल या दोघांनी १९३५ मध्ये त्याचे वर्णन केले. त्यात दिसतात त्या खऱ्या गाठी नसून अर्धवट वाढून थांबलेली बीजकोशांची रांग असते. नाव फसवे पडले, आणि त्या नावानेच कित्येक मुली घाबरतात.

या बाईंची पिशवी तिसऱ्याच प्रकारची निघाली. बीजपेशींपासून उद्भवणाऱ्या अशा पिशवीत चरबी, केस, क्वचित दातही आढळतात. कोणाची दृष्ट, करणी किंवा पूर्वजन्मीचे पाप यांचा त्याच्याशी कसलाही संबंध नाही. ज्या पेशींतून मूल घडू शकते, त्यांच्यापैकी एखादी आपल्याच धुंदीत वाढू लागते, एवढेच. ती सहसा कर्करोगाची नसते. परंतु ती विरतही नाही, आणि तिच्या वजनाने अंडाशय देठावर पीळ खाऊ शकतो. त्या रात्रीची कळ तशाच पिळाची असावी, असे डॉक्टरांचे मत पडले. पीळ सुटला म्हणून निभावले. तो तसाच राहिला असता तर रक्तपुरवठा तुटून अंडाशय काही तासांत निकामी झाला असता. अकस्मात तीव्र कळ आणि ओकारी एकदम आल्यास सकाळची वाट पाहू नये, हे प्रत्येक घरात ठाऊक असावयास हवे.

शस्त्रक्रिया ठरली. या शस्त्रक्रियेचा आरंभ मोठा धाडसी आहे. १८०९ सालच्या डिसेंबरात अमेरिकेतील केंटकी प्रांतात जेन टॉड क्रॉफर्ड नावाची स्त्री साठ मैल घोड्यावरून प्रवास करून एफ्राइम मॅकडॉवेल या शल्यवैद्याच्या घरी आली. भूल देण्याची विद्या तेव्हा नव्हती. तिच्या अंडाशयावरील साडेबावीस पौंडांची गाठ त्याने सुमारे पंचवीस मिनिटांत काढली, आणि ती स्त्री पुढे तीस वर्षांहून अधिक जगली. श्रेय वैद्यास मिळाले. साठ मैल आलेल्या त्या बाईचे धैर्य निदान त्याच्याइतकेच होते.

ड्रोहेडातील बाईंना शस्त्राचे भय नव्हते. भय निराळे होते, आणि ते त्या शहराचेच होते. येथील अवर लेडी ऑफ लूर्ड्स रुग्णालय हे मदर मेरी मार्टिन यांनी १९३७ मध्ये स्थापन केलेल्या धर्मभगिनींच्या संघाचे कार्य. आफ्रिकेत सेवेस जाणाऱ्या डॉक्टर-परिचारिका येथे शिकल्या. इतक्या पुण्याईच्या वास्तूत १९७४ ते १९९८ या पंचवीस वर्षांत प्रसूतीच्या प्रसंगी १८८ स्त्रियांची गर्भाशये काढण्यात आली, आणि त्यांतील बहुसंख्य शस्त्रक्रिया एकाच तज्ज्ञाच्या हातच्या होत्या. १९९८ मध्ये सुईणींनी शंका बोलून दाखविली तेव्हा प्रकरणास वाचा फुटली. २००३ मध्ये त्या तज्ज्ञाचे नाव वैद्यकीय नोंदवहीतून काढून टाकण्यात आले. न्यायाधीश मॉरीन हार्डिंग क्लार्क यांचा चौकशी अहवाल २००६ मध्ये प्रसिद्ध झाला. ४० हून अधिक स्त्रियांची कागदपत्रे जाणूनबुजून नाहीशी केलेली आढळली. अहवालातील सर्वांत अस्वस्थ करणारी गोष्ट ही, की भोवतालच्या भल्या माणसांनी वर्षानुवर्षे काही विचारलेच नाही.

शेजारच्या वृद्ध आयरिश बाईंनी हे सारे सांगितले ते भय घालण्यासाठी नव्हे. “काय काढणार ते विचार, काय ठेवणार तेही विचार, आणि कागद मागून घे,” एवढेच त्या म्हणाल्या.

शस्त्रक्रिया दुसऱ्या एका गावी झाली. संमतिपत्रावर सही करण्यापूर्वी बाईंनी विचारले, केवळ पिशवी काढणार की अंडाशयही? आत वेगळे काही दिसले तर काय? तरुण डॉक्टरीणबाईंनी चित्र काढून दाखविले: अस्तर सालीसारखे सोडवावयाचे, अंडाशय शिवून ठेवावयाचा, संशयास्पद काही आढळले तर तेथेच थांबून शुद्धीवर आल्यावर विचारावयाचे, रक्तस्रावाने जिवावर बेतले तरच पुढे जावयाचे. हे सर्व त्यांनी संमतिपत्रावर हाताने लिहिले. आजवर किती स्त्रिया अशी सही न वाचता करून आल्या असतील! पतिराजांनी सही केली आणि झाले, असेही पुष्कळ घरी चालत आले आहे.

दुर्बिणीतून तीन लहान छिद्रांवाटे काम झाले. दुसऱ्या दिवशी त्या घरी आल्या. पंधरा दिवसांनी तपासणीचा अहवाल आला. कर्करोग नाही, डावा अंडाशय निरोगी, उजवा जागेवर. सासूबाईंनी तो कागद नातवाकडून दोनदा वाचवून घेतला आणि देवघरातील डब्यात ठेवला. त्या डब्यात आणखी एक कागद होता. मोका येथील महात्मा गांधी संस्थेतून मिळविलेला, त्यांच्या पणजोबांच्या आगमनाच्या नोंदीचा उतारा. त्यावर नाव, बापाचे नाव, उंची आणि कपाळावरील जुन्या व्रणाची खूण.

“मी त्या जहाजातून आले असते,” सासूबाई म्हणाल्या, “तर माझ्या नावापुढं हे आवाळू लिहिलं असतं.”

“काढून टाकायचं का, आई? दहा मिनिटांचं काम आहे.”

“दुखतंय कुठं? राहू दे.”

सूनबाईंनी तेलाची वाटी घेतली आणि फणी नेहमीप्रमाणे वळसा घालून फिरवली.