इथवर आलो, हे म्हणण्यासाठी



ज्यू धर्मात एक छोटीशी प्रार्थना आहे, ‘शेहेखेयानू’. हिब्रू भाषेतलं जेमतेम एक वाक्य. देवाने आम्हाला जगवलं, सांभाळलं आणि आजच्या या वेळेपर्यंत आणून पोहोचवलं, एवढाच त्याचा भाव. सुमारे १८०० वर्षांपूर्वी संकलित झालेल्या ‘मिश्ना’ या त्यांच्या ग्रंथात सांगितलं आहे, की नवं घर बांधलं, नवी भांडी घेतली, तर ही प्रार्थना म्हणावी. भांड्यांचा उल्लेख वाचून मला ती लगेच आपली वाटली. नव्या भांड्याला हळदीकुंकवाचं बोट लावल्याशिवाय आपण तरी ते कुठे वापरायला काढतो!

प्रसंग आणखीही आहेत. सण सुरू होताना, हनुक्काच्या पहिल्या रात्री दिवा लावताना, चांगला नवा कपडा अंगावर घालताना. जिवलग माणूस तीस दिवसांनी भेटलं तरी म्हणावी, असं तालमूदात आहे. आणि मोसमातलं नवं फळ पहिल्यांदा खाताना. त्यांच्या नववर्षाच्या दुसऱ्या रात्री त्या मोसमात अजून न खाल्लेलं फळ मुद्दाम ताटात ठेवतात, पुष्कळ घरी ते डाळिंब असतं. बारा महिने मिळणाऱ्या फळाला मात्र ही प्रार्थना नाही.

आपल्या अनेक घरांत आर्द्रा नक्षत्र लागलं की आंबा बंद होतो. आंबा कधी सोडायचा, हे आपल्याला पाठ असतं. पण पहिला आंबा? तो फोडी करून, सगळ्यांना वाढून, ओट्यापाशी उभ्या उभ्या संपतो. सोडण्याचे नियम आपल्याकडे चोख आहेत. हाती घेताना क्षणभर थांबण्याचा त्यांचा हा नियम मला फार आवडला.

हे लोक आपल्याला परकेही नाहीत. अलिबागकडचे बेने इस्राएल पिढ्यानपिढ्या मराठी बोलणारे. घाण्यावर तेल काढायचे आणि शनिवारी घाणा बंद ठेवायचे, म्हणून गावात ‘शनिवार तेली’. गोड पोहे, खोबरं आणि फळं मांडून केलेला त्यांचा मलिदा हाही शुभप्रसंगी आभार मानण्याचाच विधी.

आणखी एक गोष्ट आपल्याला विशेष वाटेल. सोळाव्या शतकात पोलंडमधल्या क्राकूव्ह शहरात मोशे इस्सर्लेस नावाचे मोठे धर्मपंडित होते. नवा कपडा घालणाऱ्याला ‘हा वापरून जुना होवो, पुन्हा नवा मिळो’ अशा अर्थाची शुभेच्छा देण्याची ज्यूंची रीत. पण चामड्याच्या जोड्यांना ती देऊ नये असं काही जण म्हणतात, कारण पुढच्या जोड्यासाठी आणखी एक जीव मारावा लागेल, हे त्यांनी नोंदवून ठेवलं. पहिल्यांदाच पशुवध करणाऱ्याने शेहेखेयानू वध करताना म्हणू नये, रक्त झाकण्याच्या विधीला म्हणावी, कारण वधात जिवाला इजा होते, हेही त्यांनीच लिहिलं. तो समाज मांसाहारी. तरीही आनंद मानताना कोणाचा जीव जातोय, ही टोचणी त्यांच्याही मनाला होती.

माझ्या मनात मात्र घर केलं ते एका वेगळ्या नियमाने. वडील गेले आणि एकुलत्या एका मुलाला वारसा मिळाला, तर त्याने आधी मृत्यूची वार्ता ऐकल्यावर म्हणायची प्रार्थना म्हणावी आणि मग शेहेखेयानू. दोन्ही म्हणायच्या. मी कॉमर्सची पदवीधर. जमा आणि नावे यांची वजाबाकी करून एकच आकडा लिहायचा नसतो, दोन्ही बाजू पूर्ण लिहायच्या, हे आम्हाला पहिल्याच वर्षी शिकवतात.

आमचे हे गेले, त्यानंतर चार महिन्यांनी नात झाली. दवाखान्यात तिला हातात घेतलं तेव्हा डोळे भरून आले. जावेने दंडाला धरून हळूच सांगितलं, ‘ताई, आज रडू नका.’ तिकडे घरी पेढे वाटायचे की नाही, यावर चर्चा चालली होती. कोणाचंच चूक नव्हतं. पण एका दिवशी एकच भावना चालेल, असं जणू सगळ्यांनी धरून घेतलं होतं. मुलगी झाली की तिला पहिल्यांदा पाहताना ज्यू लोक शेहेखेयानू म्हणतात, हे पुढे वाचलं आणि ती सकाळ आठवली. ‘जगवलं, सांभाळलं, इथवर आणलं’ हे हसत म्हणता येतं आणि रडतही.

आपण जगाचा कर्ता ईश्वर मानत नाही. मग आभार कोणाचे? मी मनातल्या मनात नवकार म्हणते आणि दुर्लभ मनुष्यभवातला हा दिवस पाहायला मिळाला, असं स्वतःशी म्हणते. यांची आठवण आली तर तीही येऊ देते.

यंदा पहिला आंबा कापाल तेव्हा सगळ्यांना एकत्र बसवा. घरात कोणाची जागा रिकामी असेल तर त्या माणसाचं नाव घ्या, आणि मग फोडी वाढा.