नव्या गीताची सुपारी

गेल्या वर्षी डोळ्याच्या शस्त्रक्रियेसाठी आम्हांस पंधरा दिवस मुंबईत राहावे लागले. वाचन बंद, लेखन बंद. ज्या धर्मगुरुमित्राकडे आम्ही उतरलो होतो त्याला आमची दया आली. त्याने ध्वनिमुद्रिकांची एक पेटी समोर ठेवली आणि म्हटले, "डोळे मिटलेलेच आहेत, आता कान उघडा." त्या पेटीतून पहिली तबकडी निघाली ती आशा भोसले यांची, आणि आशाबाईंसाठी म्हणूनच आम्ही ती लावायला सांगितली.

ही ध्वनिमुद्रिका २००५ सालची. मास्टर दीनानाथांच्या या कन्येने तेव्हा सत्तरी ओलांडली होती. १९९४ साली दिवंगत झालेल्या राहुलदेव बर्मन यांची गाणी त्या नव्याने गात होत्या. तबल्यावर झाकीर हुसेन होते. माहीमच्या आपल्या सेंट मायकल शाळेचे आणि पुढे सेंट झेवियर्स महाविद्यालयाचे विद्यार्थी. परंतु गाण्यामागे नेहमीचा मोठा वाद्यवृंद नव्हता. होते ते सान फ्रान्सिस्को शहरातील चार वादक. त्यांच्या संचाचे नाव 'क्रोनोस क्वार्टेट'.

ऐकता ऐकता आम्हांस काहीतरी ओळखीचे वाटू लागले. विचार करता उलगडा झाला. हिंदी चित्रपटसंगीताला व्हायोलिनचा जो भरजरी पदर लाभला, तो विणणाऱ्यांत गोव्याचे ख्रिस्ती वादक मोठ्या संख्येने होते. स्वरलिपी वाचण्याचे पहिले धडे त्यांना तेथील धर्मग्रामांच्या शाळांतून मिळाले होते. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस हे त्यांपैकीच एक. प्यारेलाल यांचे ते व्हायोलिनचे गुरू. रागांवर आधारलेल्या स्वतःच्या वाद्यवृंदरचना त्यांनी १९५८ साली झेवियर्सच्या प्रांगणात सादर केल्या आणि त्यांत लता मंगेशकर गायल्या. तो प्रयोग पुढे टिकला नाही. गोन्साल्विस यांचे नाव लोकांच्या ओठी राहिले ते १९७७ सालच्या एका चित्रपटगीतामुळे. त्यांच्या रचना मात्र त्यांच्याकडे पुन्हा फारशा कोणी मागितल्या नाहीत. म्हणजे चर्चच्या माळ्यावरून निघालेले व्हायोलिन चित्रपटात गेले, तेथून सातासमुद्रापार पोहोचले आणि मित्राच्या त्या खोलीत आमच्याकडे परत आले होते.

या चौघांची हकिकत आम्ही मित्राकडून ऐकली, आणि घरी परतल्यावर जमेल तसे वाचूनही काढले.

तंतुवाद्यांच्या चौकडीत दोन व्हायोलिन, त्यांहून किंचित मोठा व खोल आवाजाचा एक व्हिओला आणि गुडघ्यांमध्ये धरून वाजवायचा एक चेलो, एवढीच वाद्ये असतात. चार गज, सोळा तारा. मराठीत 'चौकडी' म्हटले की मागून 'चांडाळ' हा शब्द आपोआप पुढे येतो; येथे मात्र चौघांचे एकमेकांवाचून चालत नाही. समोर छडी घेऊन उभा राहणारा कोणी नसतो. एकाने श्वास घेतला की इतर तिघांनी तो ओळखायचा आणि गज उचलायचा. अठराव्या शतकात हायडन या ऑस्ट्रियन संगीतकाराने हा प्रकार नावारूपास आणला. पुढे अनेक चौकड्यांनी त्याच्या व त्याच्या वारसदारांच्या रचना भक्तिभावाने जपल्या, जसे आपण आजीच्या वेळचे दागिने जपतो.

डेव्हिड हॅरिंग्टन हा तरुण व्हायोलिनवादक १९७३ साली तेवीस वर्षांचा होता. एके रात्री आकाशवाणीवर त्याने जॉर्ज क्रम यांची 'ब्लॅक एंजल्स' ही रचना ऐकली. व्हिएतनामच्या युद्धकाळात, १९७० साली लिहिलेली. तीत चार वादक वाद्ये तर वाजवतातच, पण मध्येच ओरडतात, काचेच्या पेल्यांवर गज ओढतात, घंटानाद करतात. हॅरिंग्टनला वाटले, आपल्या काळाचे दुःख बोलणारे संगीत असते ते हेच. त्याने सिएटल शहरात तीन सोबती जमवले आणि एक व्रत घेतले: हयात असलेल्या रचनाकारांकडे जायचे व म्हणायचे, 'आमच्यासाठी काही नवे लिहा.' तेव्हापासून एक हजारांहून अधिक रचना व रूपांतरे या चौकडीसाठी झाली आहेत. वादक बदलले, मागणे बदलले नाही.

इंग्रजीत या मागण्याला 'कमिशन' म्हणतात. आमच्या बंदरावर कमिशन म्हणजे मासळीच्या लिलावातून दलाल कापून घेतो तो वाटा. त्यामुळे हा शब्द आमच्या धर्मग्रामस्थांना सांगण्याची सोय नाही. मराठीत जुना शब्द आहे 'सुपारी'. बँडवाल्याला, फडाला सुपारी देत आणि दिली की शब्द पक्का होई. पुढे गुन्हेगारांनी तो शब्द पळवला. मग आम्ही होडीचा दाखला देतो. आमचा कोळी होडी तयार विकत आणत नसे, बांधून घेई. सुताराला तो सांगे की आमची खाडी अशी, जाळे असे, माणसे इतकी. सुतार आपल्या हाताने व आपल्या अकलेने होडी घडवी. मागणाऱ्याची गरज आणि घडवणाऱ्याची कला या दोहोंतून ती पाण्यात उतरे. गीताचेही तसेच आहे.

आणि हे मागणे ख्रिस्तसभेला नवे नाही. स्पेनमधील काडिझ शहरातल्या एका धर्मगुरूने हायडनकडे उत्तम शुक्रवारच्या भक्तीसाठी संगीत मागितले. क्रुसावरील प्रभूच्या सात अखेरच्या शब्दांवर एकेक चिंतन व्हायचे आणि प्रत्येक चिंतनानंतर वाद्यांनी बोलायचे. हायडनने ते लिहिले आणि १७८७ साली स्वतःच चार तंतुवाद्यांसाठी त्याचे रूपांतर केले. आख्यायिका अशी की, त्याचा मोबदला एका केकच्या पोटात सोन्याची नाणी भरून पाठवण्यात आला. क्रोनोसच्या पहिल्या रचनेचा मोबदला मात्र पिशवीभर डोनट होता. केन बेनशूफ या रचनाकाराने तेवढ्यावर लिहून दिले! पैसा असणे चांगले, पण पैशाआधी मागणारा असावा लागतो.

मागणाऱ्याला धीरही हवा. पोलंडचे हेन्रिक गुरेत्स्की हे श्रद्धावंत कॅथोलिक रचनाकार. त्यांनी क्रोनोससाठी १९८८ साली पहिले चतुष्टय लिहिले, ते सोळाव्या शतकातील एका सायंप्रार्थनेच्या सुरावर. तिसरे चतुष्टय १९९५ साली पूर्ण झाले, परंतु त्यांनी ते हातचे सोडले नाही. ते प्रथम वाजले २००५ साली. या चौघांनी दहा वर्षे वाट पाहिली.

याच १९९५ साली, ऐन पुनरुत्थानाच्या रविवारी, हॅरिंग्टन कुटुंब डोंगरावर फिरायला गेले असता त्यांचा सोळा वर्षांचा मुलगा अ‍ॅडम अकस्मात मरण पावला. हृदयाच्या रक्तवाहिनीत गुठळी झाली होती. टेरी रायली हे या चौकडीचे जुने स्नेही. पंडित प्राणनाथांकडे त्यांनी किराणा घराण्याच्या गायकीची तालीम घेतली होती आणि १९८० पासून ते या चौघांसाठी लिहीत आले होते. त्यांनी त्या मुलासाठी 'रेक्विएम फॉर अ‍ॅडम' लिहिले. ते वाजवणाऱ्या चौघांत पहिले व्हायोलिन त्या मुलाच्या बापाचे होते. पंधरा वर्षे ज्याच्याकडे गीत मागितले, त्याने दुःखाच्या काळातही गीत दिले.

ही हकिकत वाचून आम्ही चष्मा काढून ठेवला. कारण आम्हांस आमच्या माळ्यावरची एक बंद पेटी आठवली.

आमचे धर्मग्राम रेवदंड्याच्या खाडीपासून फार दूर नाही. खाडीपलीकडे कोर्लई आहे. पोर्तुगीज अंमल तेथून १७४० साली उठला, पण पोर्तुगीज आणि मराठी यांच्या संगमातून झालेली ख्रिस्ती बोली तेथील घरांत आजही बोलली जाते. या किनाऱ्याला दोन सूर एकत्र नांदवणे नवे नाही. आमच्या गायकवृंदात एक वृद्ध व्हायोलिनवादक होते. त्यांनी आपल्या नातवाला हाताशी धरून शिकवले. काही वर्षांपूर्वी तो मुलगा एक वही घेऊन आमच्याकडे आला. सणाच्या मिस्सासाठी त्याने मराठी गीत रचले होते. चाल कोळीगीताच्या वळणाची, आणि खाली आजोबांच्या व्हायोलिनसाठी वेगळी ओळ लिहिलेली. आम्ही वही चाळली. "छान आहे," म्हणालो, "पण सणाला लोकांना ओळखीची गाणी लागतात. पुढे पाहू." वही सॅक्रिस्टीच्या कपाटात, मेणबत्त्यांच्या तुकड्यांशेजारी पडली.

दुसऱ्या पावसाळ्यात आजोबा वारले. अंत्यविधीच्या मिस्साला नातू माळ्यावर उभा होता. हातात व्हायोलिनची पेटी होती आणि ती मिटलेली होती. आम्ही नेहमीची गीते नेहमीच्या क्रमाने गाऊन घेतली. त्याला 'वाजव' असे आम्ही म्हटले नाही, दुसऱ्या कोणीही म्हटले नाही. महिन्याभरात तो बोटीवर नोकरीला गेला. सेमिनरीत आम्हांस ग्रीकचे जे थोडे शिकवले गेले त्यात काळाला दोन शब्द होते. 'क्रोनोस' म्हणजे सरत जाणारा काळ आणि 'कैरोस' म्हणजे नेमकी घटका. ती घटका आमच्या हातून गेली होती.

आम्ही परंपरेचे रक्षण करीत आहोत, असे तेव्हा आम्हांस वाटत होते. खरे पाहता ते भय होते. लोकांना आवडले नाही तर? क्रोनोसच्या हजार रचनांपैकी साऱ्याच टिकतील असे नाही. परंतु जी मागितलीच नाही, तिला टिकण्याची संधीही नाही. ज्याला आपण परंपरा म्हणतो ती एके काळी कोणीतरी मागितलेली नवी वस्तूच होती. फादर स्टीफन्स यांच्या १६१६ सालच्या 'ख्रिस्तपुराणा'च्या आरंभी एक नवख्रिस्ती गृहस्थ विचारतो की, आमची जुनी पुराणे गेली, मग आम्हांस त्या जागी दुसरे का देत नाही? त्या प्रश्नातून सुमारे अकरा हजार ओव्या जन्मल्या. स्तोत्रकर्तासुद्धा शहाण्णव आणि अठ्ठ्याण्णव क्रमांकांच्या स्तोत्रांत आपल्याकडे नवे गीत मागतो. जुनेच नीट गा, असे म्हणून तो थांबत नाही.

मुंबईहून परतताच आम्ही कपाट उघडले. वहीला मेण लागले होते, पण अक्षर शाबूत होते. आम्ही त्या मुलाला निरोप पाठवला. प्रथम क्षमा मागितली. मग लिहिले, "पास्काच्या जागरणविधीसाठी आम्हांस तुझ्याकडून नवे गीत हवे आहे. आमच्याकडे डोनट नाहीत, सुके बोंबील आहेत."

आठ दिवस उत्तर नव्हते. नवव्या दिवशी बोटीवरून एक प्रश्न आला: "फादर, वाजवणार कोण?"

रागावणे आम्ही समजू शकलो असतो. या प्रश्नाला मात्र आमच्याकडे उत्तर नव्हते. रविवारी माळ्यावर जाऊन आम्ही मोजदाद केली. हार्मोनियम एक, आठवीतली एक मुलगी नुकती व्हायोलिन शिकू लागलेली, आणि गाणारे गळे चौदा. तसे कळवले. क्रोनोसने जगभरच्या तरुण वादकांसाठी पन्नास नव्या रचना मागवून त्यांची स्वरलिपी विनामूल्य खुली केली आहे आणि त्यांत झाकीर हुसेन व कला रामनाथ यांच्याही रचना आहेत, हेही लिहिले. त्याचे उत्तर आले, "ते पुढे. तिला सध्या किती स्वर येतात तेवढे सांगा. तेवढ्यातच लिहितो."

पहिली दोन कडवी आली आहेत. दुसऱ्याची चाल आमच्या कानाला अवघड वाटते. या वेळी आम्ही तसे बोललो नाही, तालीम सुरू केली. गीत लोकांना आवडेल की नाही, ते पास्काच्या रात्री ठरेल. बोंबील मात्र बांधून ठेवले आहेत.