कागदाविना कविता

गेल्या वैशाखात पोशेऱ्यास एका वारली लग्नाला जाण्याचा योग आम्हांस आला. अक्षरओळख नसलेली एक वृद्ध धवलेरी प्रहरभर गात होती. तिच्या गाण्यांचा एकही कागद कोठे नाही हे ऐकून आमच्यातील प्राध्यापकास तिची कीव आली. परंतु लगेच अंदमानची कोठडी आठवून तो वरमला.

नाशिकजवळच्या भगूरचे विनायक दामोदर सावरकर ५० वर्षांची शिक्षा घेऊन १९११ साली तेथे पोहोचले. थोरले बंधू बाबाराव यांना १९०९ सालीच जन्मठेप झाली होती. अपराध काय, तर कवितांचे पुस्तक छापले! जमैकाचा कवी क्लॉड मॅके १९१२ साली घर सोडून गेला तो मायदेशी कधीच परतला नाही. पण त्याच्यापाशी निदान कागद होता. विनायकरावांनी ओळी भिंतीवर कोरल्या व मुखोद्गत केल्या. भिंतीस चुना लागला, तरी कविता जगली. त्यांच्या राजकारणाविषयी व सुटकेसाठी केलेल्या अर्जांविषयी मतभेद आहेत, ते असोत. या तपश्चर्येविषयी नसावेत.

आम्ही तीस वर्षे विद्यार्थ्यांस टिपणे उतरून घ्यावयास सांगितली. कविता किती पाठ आहेत, हे कधी पुसले नाही. आमच्या हातचा कागद कोणी काढून घेतला, तर आम्हांपाशी काय उरेल? परतताना आम्ही मनाशी मोजू लागलो. आणि त्र्यंबकचा घाट चढून होण्यापूर्वीच मोजणी संपली.