आवक-जावक नसलेला माल

विषय जरा नाजूक आहे, वाचकहो. पण घराघरात पोचलेल्या गोष्टीवर नुसती कुजबुजच करायची हे मला पटत नाही. मी कारकून माणूस. कागद कुठून आला, सही कुणाची आणि गेला कुणाच्या हाती, हे आधी बघायची सवय. 'त्या' चित्रफितींबद्दलही तेवढेच बोलतो.

माझ्या कॉलेजच्या दिवसांत, २००० च्या आसपास, बसस्टँडकडच्या गाड्यावर मासिकांच्या थप्पीखाली पिवळी पुस्तके असायची. सीडी वर्तमानपत्रात गुंडाळून मिळायची. गिऱ्हाईक आधी चारही बाजूंना बघून घ्यायचे. गाव लहान, आणि दुकानदार आपल्या बापाला ओळखतो, ही केवढी मोठी सेन्सॉरशिप! मग सायबर कॅफे आले. कप्प्यांना पडदे कशाला, हे कुणी विचारत नसे. पण गल्ल्यावर बसलेला एक माणूस तिथेही होताच.

तो माणूस २००७ पासून हळूहळू नाहीसा झाला. त्या वर्षी पॉर्नहब सुरू झाले. कुणीही चढवावे, कुणीही फुकट बघावे, कमाई जाहिरातींची. आमच्या सीडीवाल्याचा धंदा बसला, आणि चोरून चढवलेल्या चित्रफितींनी कॅलिफोर्नियातल्या निर्मात्यांचेही कंबरडे मोडले. २०१६ मध्ये जिओ आले आणि सगळे खिशात येऊन बसले.

सरकारने २०१५ मध्ये ८५७ संकेतस्थळे बंद करायला सांगितली आणि चार दिवसांत आदेश सैल केला. २०१८ मध्ये उत्तराखंड उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर पुन्हा ८२७ वर बंदी आली. मंडळी पत्ता बदलून परत हजर!

मला खटकते ते वेगळेच. आमच्या कचेरीत सहीशिवाय टाचण्यांची डबी हलत नाही. इथे मात्र चढवणारा कोण, चित्रातल्या बाईने होकार दिला होता का, हे विचारणारा रकानाच नव्हता. डिसेंबर २०२० मध्ये न्यूयॉर्क टाइम्समध्ये अत्याचाराच्या चित्रफितींवर लेख आला, मास्टरकार्ड आणि व्हिसाने हात आखडला, आणि पॉर्नहबने ओळख न पटलेल्यांच्या लाखो चित्रफिती काही दिवसांत उतरवल्या. वर्षानुवर्षांच्या तक्रारींनी झाले नव्हते ते पैसे अडल्यावर झाले.

म्हणून कार्ड कंपन्यांना नीतीचे रखवालदार समजू नये. ओन्लीफॅन्सवर माणसे स्वतःच्या मर्जीने, वर्गणी घेऊन आपले काम विकतात. ऑगस्ट २०२१ मध्ये बँकांचे कारण देऊन त्याने उघड लैंगिक चित्रणावर बंदी जाहीर केली आणि आठवड्याच्या आत मागे घेतली. जिथे होकार होता तिथलीच चूल विझायला आली होती.

आपल्याकडे २०२१ च्या नियमांत, बाईने किंवा तिच्या वतीने कुणी तक्रार केली तर तिचे खाजगी चित्रण २४ तासांत काढायची सक्ती आली. चांगले झाले. पण तक्रार द्यायला तिला आधी कळायला हवे. बहुतेकदा तिला सांगतो तो शेजारीच, आणि त्याने ते कुठे पाहिले हे कुणी विचारत नाही.